येणाऱ्या-जाणाऱ्या सुजेची नोंद

घोटा सुजला की आपल्याकडे पहिला प्रश्न ठरलेला असतो: पाय कुठं मुरगळला का? उसाच्या सरीतून, ओल्या बांधावरून, पाटाच्या कडेनं रोज चालणाऱ्या कराड-पाटणकडच्या माणसाचा पाय खरोखरच वारंवार मुरगळतो, त्यामुळे प्रश्न चुकीचा नाही. लेप लागतो, क्रेप बँडेज बांधलं जातं, दोन दिवस गोळ्या घेतल्या जातात आणि सूज उतरते. पण काहींची सूज महिन्या-दोन महिन्यांनी, पाय मुरगळलेला नसताना, परत येते. कधी त्याच घोट्यात, कधी दुसऱ्या पावलात. आठवडाभरात ती आपोआप जाते आणि माणूस कामाला लागतो. पुढच्या वेळी दवाखाना वेगळा असतो, केसपेपर नवा असतो आणि कहाणी पहिल्यापासून सांगावी लागते. अशा आजाराचं निदान एका तपासणीत सहसा होत नाही. ते तारखांच्या ओळीतून होतं. ती ओळ जोडण्याचं साधं साधन वैद्यकशास्त्राकडे आहे, ते म्हणजे निदानाचा कोड. पण आपल्याकडे हा कोड रुग्णालयाच्या खाटेला आणि विम्याच्या बिलाला बांधला गेला आहे. सुजलेल्या घोट्याचा रुग्ण क्वचितच खाटेवर येतो, म्हणून कोड त्याच्यापर्यंत पोचत नाही. कोड बाह्यरुग्ण विभागाच्या, म्हणजे ओपीडीच्या, कागदावर आला पाहिजे, आणि तो प्रामाणिकपणे लिहिला गेला पाहिजे, असं माझं म्हणणं आहे.

रोगांना क्रमांक देण्याची ही पद्धत मुळात मृत्यूंच्या मोजणीसाठी जन्मली. फ्रेंच संख्याशास्त्रज्ञ जाक बर्तियाँ यांनी १८९३ साली शिकागोच्या परिषदेत मृत्यूच्या कारणांची यादी मांडली आणि वेगवेगळ्या देशांनी ती हळूहळू स्वीकारली. १९४८ साली जागतिक आरोग्य संघटनेनं तिची सहावी आवृत्ती हाती घेतली, तेव्हा मृत्यूबरोबरच जिवंत माणसांच्या आजारांनाही तिच्यात जागा मिळाली. आज भारतात वापरात असलेली दहावी आवृत्ती, आयसीडी-१०, संघटनेच्या सभेनं १९९० साली मंजूर केली. अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली असून देशोदेशी तिच्याकडे वळण्याचं काम चालू आहे. थोडक्यात, कराडच्या डॉक्टरांनी लिहिलेला आजार कोल्हापूरच्या, मुंबईच्या किंवा परदेशातल्या डॉक्टरांना त्याच अर्थानं कळावा, म्हणून केलेली ही सोय आहे.

घोट्याच्या सुजेबाबत ही यादी किती बारकाईनं विचार करते, ते पाहण्यासारखं आहे. सांध्यात पाणी साठलं आहे एवढंच डॉक्टरांना दिसत असेल, तर त्यासाठी एम२५.४ हा कोड आहे. तो लक्षणाचा कोड आहे, रोगाचा नाही. सांध्यात ठरावीक काळानं पाणी भरतं, आपोआप ओसरतं आणि मधल्या काळात सांधा अगदी निरोगी दिसतो, असा एक विरळा आजार आहे; त्याला एम१२.४. तासा-दिवसांपुरती सूज आणि वेदना आज या सांध्यात, उद्या त्या सांध्यात फिरत राहते, त्याला एम१२.३. हा प्रकार अमेरिकेतल्या मेयो क्लिनिकच्या हेंच आणि रोझेनबर्ग यांनी १९४० च्या दशकाच्या आरंभी वर्णन केला, आणि अशा रुग्णांपैकी काहींना पुढे कायमचा संधिवात जडतो. यांना पाचवा आकडा जोडता येतो: सात म्हणजे घोटा आणि पाऊल. अमेरिकेत २०१५ पासून सक्तीनं वापरात असलेली विस्तृत आवृत्ती याच्याही पुढे जाते. तिथं उजव्या घोट्या-पावलाच्या येणाऱ्या-जाणाऱ्या पाण्याला एम१२.४७१ आणि डाव्याला एम१२.४७२ लिहावं लागतं. शिवाय स्पष्ट सूचना आहे, की हा आजार ठरला असेल तर त्याच सांध्यासाठी नुसत्या ‘पाणी साठलं’ या कोडवर थांबू नये. अमेरिकी रुग्णांच्या कागदांवर हे कोड घालण्याचं पुष्कळसं काम भारतातल्या कंपन्यांत चालतं आणि पदवीधर मराठी मुलंमुली ते सफाईनं करतात. एका अनोळखी अमेरिकन माणसाचा डावा घोटा की उजवा, याची खातरजमा हीच पिढी रोज करते. म्हणून आपल्याकडे हे कौशल्य नाही, असं म्हणायला जागा नाही. ते आपल्या केसपेपरकडे वळलेलं नाही, इतकंच.

सूज उतरली तर नावाचा आग्रह कशाला, असं कुणी विचारेल. त्याचं उत्तर घोट्यामागे लपणाऱ्या आजारांमध्ये आहे. शाळकरी मुलाचा घोटा सुजला, दोन दिवसांनी गुडघा दुखला, अंगात ताप होता, आणि काही आठवड्यांपूर्वी घसा धरला होता. हा संधिवाताचा ताप, म्हणजे ऱ्हुमॅटिक फीव्हर, असू शकतो, आयसीडीत आय००. त्यात सांध्यांना कायमची इजा सहसा होत नाही, पण हृदयाच्या झडपा खराब होऊ शकतात, आणि प्रत्येक नव्या झटक्यानं आणखी खराब होतात. अशा मुलाला पेनिसिलिनचं लांब टिकणारं इंजेक्शन दर तीन-चार आठवड्यांनी वर्षानुवर्षं द्यावं लागतं. निदानाची अडचण अशी, की वेदनाशामक गोळीनं ही सूज फार लवकर विरते आणि सांध्यांमधून फिरण्याची तिची खूण दिसायच्या आधीच पुसली जाते. जिथं हा ताप जास्त आढळतो अशा प्रदेशांसाठी २०१५ साली निदानाचे निकष बदलण्यात आले आणि एकाच सांध्याची सूजही महत्त्वाची खूण मानली जाऊ लागली. म्हणजे ‘घोटा मुरगळला’ असं लिहून परत पाठवलेलं मूल आणि ‘घोट्यात पाणी, कारण अनिश्चित, महिन्यापूर्वीही असंच’ असं लिहून परत पाठवलेलं मूल, यांची पुढची वाट वेगळी असू शकते. गोळी दोघांना एकच मिळाली तरीही.

हिमोफिलियाची गोष्ट याहून तातडीची आहे. रक्त गोठवणारा घटक जन्मतः कमी असलेल्या मुलांत रक्तस्राव वारंवार सांध्यांतच होतो, आणि घोटा, गुडघा व कोपर हे त्याचे नेहमीचे सांधे आहेत. बाहेरून ती साधी सूज दिसते. आत पाणी नसून रक्त असतं. दरवेळचं रक्त सांध्याचं अस्तर आणि कूर्चा खात जातं, आणि तरुणपणीच घोटा आखडतो. अशा मुलाला दंडात किंवा कमरेत सुई टोचणं किंवा ॲस्पिरिन देणं धोक्याचं असतं. आपल्याकडे सुजेवर पहिला उपाय मात्र बहुधा सुईच असते. आयसीडीत हा आजार डी६६ किंवा डी६७ आहे आणि त्यानं झालेल्या सांध्याच्या हानीला एम३६.२ हा जोडकोड आहे. मूळ आजार आणि त्याची सांध्यातली खूण दोन वेगळ्या आकड्यांनी एकत्र लिहायची, ही त्या यादीची पद्धत आहे. क्षयाच्या सांध्यासाठीही असंच: मूळ क्षयाला ए१८.०, त्याच्या सांध्याला एम०१.१. साताऱ्याच्या क्रांतिसिंह नाना पाटील जिल्हा रुग्णालयात हिमोफिलियाच्या रुग्णांसाठी डे-केअर केंद्र आहे. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यानं हिमोफिलियाला दिव्यांगत्वाच्या यादीत स्थान दिलं आहे. उपचार जिल्ह्यात आहे आणि हक्क कायद्यात आहे; पण या दोन्हींच्या दारापर्यंत पोचायला आधी कुणीतरी केसपेपरवर योग्य दोन अक्षरं आणि आकडे लिहावे लागतात.

मोठ्या माणसांची यादी वेगळी. रक्तातलं युरिक ॲसिड सांध्यात स्फटिक होऊन बसलं की पायाचा अंगठा, पाऊल किंवा घोटा रात्रीतून लाल होऊन ठणकतो; हा गाऊट, एम१०. झटक्याच्या ऐन वेळी रक्तातलं युरिक ॲसिड प्रमाणातही दिसू शकतं, त्यामुळे एका रिपोर्टवर ‘गाऊट नाही’ असं लिहिणं धोक्याचं. चिकुनगुन्याचा ताप, ए९२.०, जातो, पण घोटे आणि बोटांचे सांधे महिनोन्महिने दुखत-सुजत राहतात. २००६ च्या साथीत महाराष्ट्रानं हे मोठ्या प्रमाणावर भोगलं. दोन्ही पाय संध्याकाळी सुजत असतील तर ती सांध्याची सूज नसून हृदयाचं किंवा मूत्रपिंडाचं दुखणं असू शकतं, आणि तिचा कोडही सांध्यांच्या प्रकरणात मोडत नाही. आयुर्वेदातल्या वातरक्ताच्या वर्णनातही पावलांपासून सुरू होणारी ही सूज आहे. आयसीडीच्या अकराव्या आवृत्तीत आयुर्वेद, सिद्ध आणि युनानी निदानांसाठी जानेवारी २०२४ मध्ये स्वतंत्र विभाग आला, त्यामुळे वैद्यांनाही आपलं निदान त्याच यादीत नोंदवता येण्याची सोय झाली आहे. एकाच घोट्यासाठी वैद्य आणि डॉक्टर वेगवेगळी नोंद करत असतील, तर त्या दोन्ही एका ठिकाणी दिसाव्यात. रुग्ण दोघांकडे जातो, हे दोघांनाही ठाऊक असतं.

आता मूळ अडचण. भारतात कोड कुठं कुठं लिहिला जातो? मृत्यूच्या कारणाच्या वैद्यकीय प्रमाणपत्रांच्या वर्गीकरणात. आरोग्य विम्याच्या दावा-अर्जाच्या रुग्णालयानं भरायच्या भागात, जिथं मुख्य आणि इतर निदानांच्या आयसीडी-१० कोडसाठी रकाने आहेत. वैद्यकीय महाविद्यालयांच्या नोंद विभागात, जिथं आयसीडी-१० नुसार अनुक्रमणिका असावी अशी अपेक्षा तत्कालीन नियामक परिषदेच्या निकषांत होती. महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेसारख्या योजनांची रचनाही मुख्यतः दाखल रुग्णावर होणाऱ्या, आधी ठरवून दिलेल्या उपचारांच्या पॅकेजभोवती आहे. २००२ च्या वैद्यकीय आचारसंहितेनं डॉक्टरांना तीन वर्षं नोंदी जपायला सांगितलं, त्या दाखल रुग्णांच्याच. या सगळ्या नियमांमधून एक समान सूत्र जातं: खाट. आणि आज सुजून परवा बरा होणारा घोटा खाटेपर्यंत जात नाही. म्हणून हे दुखणं अस्तित्वात असूनही आकड्यांत दिसत नाही. यात कुणा एका रुग्णालयाचा दोष नाही. मलकापूरचं कृष्णा रुग्णालय असो, कराडचं वेणूताई चव्हाण उपजिल्हा रुग्णालय असो की गल्लीतला दवाखाना, सगळे याच चौकटीत काम करतात. चौकटच सुधारायला हवी.

हे आकड्यांत न दिसणारं दुखणं किती मोठं आहे, याचा पुरावा पश्चिम महाराष्ट्रातच आहे. १९९६ मध्ये पुण्याच्या डॉ. अरविंद चोप्रा आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी इंदापूर तालुक्यातल्या भिगवणमध्ये घरोघर जाऊन हाडं, स्नायू आणि सांध्यांच्या दुखण्याची पाहणी केली. जागतिक आरोग्य संघटनेच्या सहभागानं चालणाऱ्या ‘कॉपकॉर्ड’ या कार्यक्रमाचा तो भाग होता. प्रौढांपैकी सुमारे १८ टक्के लोकांना असं दुखणं आढळलं. मला या पाहणीत आकड्याइतकीच तिची पद्धत महत्त्वाची वाटते. दवाखान्यांच्या नोंदी उघडून हा आकडा काढता आला असता, तर गावात दार-दार फिरावं लागलं नसतं. पाहणी एकदा होते. तिनं त्या वर्षाचं चित्र दाखवलं. त्यानंतर एखाद्या गावात, एखाद्या साथीनंतर, एखाद्या हंगामात काय बदललं, हे रोजच्या नोंदीच सांगू शकतात.

आणि हंगाम या भागात आजारावर परिणाम करतोच. पावसाळा सरला की कृष्णाकाठचे साखर कारखाने सुरू होतात आणि बीडसारख्या जिल्ह्यांतून ऊसतोडीच्या टोळ्या येतात. रेठरे बुद्रुकचा कृष्णा किंवा यशवंतनगरचा सह्याद्री कारखाना, त्यांच्या परिसरातल्या फडांमध्ये पाच-सहा महिने वाकून तोडणी, डोक्यावर मोळी आणि पायाखाली नुकत्याच तोडलेल्या उसाचे बुडखे असतात. या माणसाचा घोटा डिसेंबरात इथं सुजतो, मेमध्ये गावाकडे सुजतो, आणि पुढच्या वर्षी कदाचित दुसऱ्याच कारखान्याच्या पट्ट्यात. इथल्या डॉक्टरांना दिसणारा प्रत्येक झटका पहिलाच असतो. श्रमामुळे होणारी सूज आणि श्रमाच्या आड लपलेला संधिवात यांत फरक करायचा, तर काम बंद असलेल्या महिन्यांत काय झालं हे कळायला हवं. ती माहिती या रुग्णाबरोबर फिरत नाही, कारण ती कुठं लिहिलेलीच नसते. कायम गावात राहणाऱ्याला निदान ओळखीचा डॉक्टर असतो. या कामगाराला तोही नाही. म्हणून कोडची गरज सगळ्यांत जास्त त्याला आहे, आणि विम्याचा अर्ज भरण्याची शक्यता सगळ्यांत कमी त्याचीच आहे.

या म्हणण्यावरचे आक्षेप खरे आहेत आणि त्यांना उत्तर द्यायला हवं. पहिला वेळेचा. २०१७ साली ‘बीएमजे ओपन’ या नियतकालिकात आलेल्या जागतिक आढाव्यात भारतातल्या प्राथमिक पातळीवरच्या तपासणीला सुमारे दोन मिनिटं मिळतात असं नोंदवलं होतं. त्या दोन मिनिटांत डॉक्टरांनी यादी उघडून आकडा शोधावा, ही मागणी निष्ठुर आहे. पण कोड शोधणं हे डॉक्टरांचं काम असण्याची गरज नाही. डॉक्टरांनी चार गोष्टी शब्दांत लिहाव्यात: कोणता पाय, नेमका कोणता सांधा, सूज कधीपासून, आणि याआधी अशी कधी आली होती. त्यावरून आकडा घालणं हे प्रशिक्षित नोंद कर्मचाऱ्याचं किंवा संगणकाचं काम आहे. डॉक्टरांच्या रोजच्या शब्दांना मानक संकेतांशी जोडणारी स्नोमेड सीटी ही शब्दप्रणाली भारतात वापरायला मोफत आहे आणि तिचं राष्ट्रीय केंद्र पुण्याच्या सी-डॅकमध्ये आहे. ‘सूज आहे, गोळ्या दिल्या’ एवढीच ओळ असेल, तर मात्र जगातला कोणताही संगणक तिच्यातून घोटा काढू शकणार नाही.

दुसरा आक्षेप मला जास्त गंभीर वाटतो: कोड खोटी खात्री निर्माण करतो. घाईत ‘संधिवात’ असा कोड पडला, की तो माणसाला चिकटतो. पुढचा डॉक्टर तो वाचून दुसरा विचार करत नाही, आणि विमा कंपनी तोच आधीपासूनचा आजार म्हणून पुढे करते. विमा नियामकानं २०२४ मध्ये आधीच्या आजारांसाठीची प्रतीक्षा जास्तीत जास्त तीन वर्षांवर आणली आहे. एका घाईच्या ओळीसाठी तीन वर्षं थांबणंही थोडं नाही. पण नीट पाहिलं तर हा आक्षेप चुकीच्या कोडवर आहे, कोडवर नाही. वर सांगितलेला एम२५.४ नेमका याचसाठी आहे. ‘पाणी साठलं आहे, कारण अजून माहीत नाही’ हे वाक्य तो एका आकड्यात सांगतो. अमेरिकी नियम तर ओपीडीच्या रुग्णाबाबत बजावतात, की ‘शक्यता’ किंवा ‘संशय’ असलेला आजार सिद्ध झाल्यासारखा लिहू नये. जे लक्षण दिसतं तेच लिहावं. तोंडी बोलण्यात डॉक्टर ‘वाताचं असेल’ म्हणून जातात आणि रुग्ण ते आयुष्यभर निदान म्हणून सांगत फिरतो. त्यापेक्षा अनिश्चिततेचा लेखी कोड रुग्णाचं अधिक रक्षण करतो. असे तीन-चार अनिश्चित कोड, तारखा आणि बाजूसकट, एकाखाली एक आले, की मग एम१२.३ की एम१२.४ की आणखी काही, हा विचार सुरू करायला आधार मिळतो. एम१२.४ तर बाकीचं सगळं वगळल्यावरच लिहायचा असतो, आणि आधीच्या नोंदी नसतील तर वगळणार तरी कशाच्या जोरावर?

तिसरा आक्षेप खासगीपणाचा. एकदा आजार आकड्यात गेला की तो सहज पसरतो, आणि लग्नाच्या वयाच्या मुलीच्या नावापुढे संधिवाताचा कोड असणं किंवा मुलाच्या नावापुढे हिमोफिलियाचा असणं आपल्या समाजात किती जड जातं, हे नाकारण्यात अर्थ नाही. वैयक्तिक विदा संरक्षणाचा कायदा २०२३ मध्ये संमत झाला, पण कायदा असणं आणि दवाखान्याच्या खिडकीवर तो पाळला जाणं वेगळं. म्हणून कागदाची एक प्रत रुग्णाच्याच हाती असावी आणि पुढे कुणाला दाखवायची ते त्यानं ठरवावं, हे मला पटतं. सप्टेंबर २०२१ मध्ये देशभर सुरू झालेल्या आयुष्मान भारत डिजिटल मिशनमध्ये रुग्णाच्या संमतीनं नोंदी जोडण्याची तरतूद आहे आणि चौदा अंकी आभा क्रमांक त्यासाठीच आहे. मात्र आभा क्रमांक हा पत्त्यासारखा आहे. त्या पत्त्यावर कोरं पाकीट पोचलं तर उपयोग नाही. सध्या भर क्रमांक काढण्यावर आणि ओपीडीच्या रांगेत क्यूआर स्कॅन करण्यावर दिसतो. निदानाची ओळ नीट लिहिण्यावर तितका दिसत नाही.

नोंद सक्तीची केली तर काय घडू शकतं, याचं उदाहरण घरचंच आहे. मे २०१२ मध्ये केंद्र सरकारनं क्षयरोग अधिसूचित केला आणि खासगी डॉक्टरांनाही प्रत्येक रुग्णाची माहिती शासनाला कळवणं बंधनकारक झालं. तेव्हाही वेळ नाही, गुप्तता जाईल, रुग्ण पळतील, हेच आक्षेप होते. ते सगळे मिटलेले नाहीत, तरी खासगी दवाखान्यांत उपचार घेणारे आणि तोवर मोजणीत नसलेले लाखो रुग्ण निक्षय या प्रणालीत दिसू लागले. सुजलेला घोटा संसर्गजन्य नाही, म्हणून त्याच्यावर अशी सक्ती कुणी आणणार नाही आणि आणूही नये. पण वैद्यकीय महाविद्यालय, उपजिल्हा रुग्णालय, आयुर्वेदाचे दवाखाने आणि तालुक्यातली प्राथमिक आरोग्य केंद्रं इतक्या जवळजवळ असलेल्या कराडसारख्या गावात एका वर्षासाठी एवढं करून पाहता येईल: सांध्याच्या सुजेच्या प्रत्येक ओपीडी रुग्णाच्या कागदावर बाजू, सांधा, तारीख आणि लक्षणाचा कोड. सुरुवात ऑक्टोबरात, टोळ्या यायच्या आधी करावी, आणि हंगाम संपून त्या गावी परतल्यावरही पावसाळाभर नोंद चालू ठेवावी. कामगारांनी तो कागद बरोबर न्यावा आणि पुढच्या वर्षी आणावा. लहान मुलांचे कागद मात्र महिन्याला एकदा कुणीतरी जाणत्यानं चाळावेत, कारण ऱ्हुमॅटिक फीव्हर आणि हिमोफिलियाच्या मुलांना वर्षभर थांबायला वेळ नसतो.